३४ इंची अल्ट्रावाइडवर पीएस५ आणि एक्सबॉक्स : कोणी लावावा, कोणी नाही

आधी मुद्द्याचं सांगतो. फक्त कन्सोलसाठी अल्ट्रावाइड, म्हणजे नेहमीपेक्षा रुंद, मॉनिटर घ्यायचा विचार करत असाल तर घेऊ नका, त्याच पैशात चांगला ४के मॉनिटर किंवा टीव्ही येतो. पण कामासाठी, म्हणजे एडिटिंग, कोडिंग, मोठमोठ्या एक्सेल शीट असल्या कामांसाठी अल्ट्रावाइड घरात असेल किंवा घ्यायचाच असेल आणि त्याच टेबलावर पीएस५ किंवा एक्सबॉक्स पण लावायचाय तर बिनधास्त लावा, मस्त चालतं. फक्त काही गोष्टी आधी बघून घ्याव्या लागतात, त्या बॉक्सवर नीट लिहिलेल्या नसतात आणि दुकानात विचारलं तर "हो हो, एचडीएमआय आहे ना, सगळं चालतं" एवढंच उत्तर मिळतं. म्हणून हे लांबलचक लिहितोय.

माझा मॉनिटर ३४ इंची आहे, ३४४० बाय १४४०, व्हीए पॅनल (पडद्याचा एक प्रकार), कर्व्ह १५००आर (वक्रतेचं माप), १४४ हर्ट्झ (सेकंदाला १४४ वेळा चित्र बदलतं). कंपनी कुठली ते महत्त्वाचं नाही कारण खाली जे लिहिलंय ते या साइजच्या जवळपास सगळ्याच मॉनिटरला लागू होतं. दिवसभर त्यावर व्हिडिओ एडिटिंग चालतं, टाइमलाइन इकडून तिकडे पूर्ण दिसते आणि त्या कामासाठी मी दुसरा कुठला स्क्रीन घेणार नाही. घर लहान, टेबल एकच, हॉलमधला टीव्ही संध्याकाळी सात ते साडेदहा आईच्या मालिकांचा, त्यामुळे पीएस५ याच मॉनिटरला जोडलाय आणि मित्राचा एक्सबॉक्स सिरीज एस पण बरेच दिवस इथेच होता. ठाणे-डोंबिवलीकडच्या वन बीएचकेमध्ये राहणाऱ्या बऱ्याच जणांची हीच अडचण असणार, एक टेबल, एक स्क्रीन आणि त्यावरच काम पण आणि खेळ पण.

आता मूळ गोष्ट. पीएस५ असो, एक्सबॉक्स सिरीज एक्स असो नाहीतर निन्टेन्डो स्विच, यातला एकही कन्सोल अल्ट्रावाइड चित्र देत नाही. टीव्हीसाठी बनवलेत, टीव्ही १६:९ असतात (रुंदी १६ भाग, उंची ९ भाग), म्हणून चित्र १६:९ च येणार. मॉनिटर मात्र साधारण २१:९. मग काय होतं, चित्र मधोमध बसतं आणि डाव्या-उजव्या बाजूला काळे पट्टे राहतात. आकड्यात सांगायचं तर ३४४० पैकी मधले २५६० पिक्सेल वापरले जातात आणि दोन्ही बाजूंचे ४४०-४४० रिकामे, म्हणजे स्क्रीनचा पाव भाग बंद. ऐकायला वाईट वाटतं पण मधला जो भाग उरतो तो जवळजवळ २७ इंची मॉनिटरएवढा असतो, कारण ३४ इंची अल्ट्रावाइडची उंची आणि नॉर्मल २७ इंचीची उंची साधारण सारखीच, तेरा इंचाच्या आसपास. म्हणजे तुम्ही २७ इंची १४४०पी (२५६० बाय १४४०) मॉनिटरवर खेळताय असं समजा, आणि टेबलावर अडीच फुटांवर बसून खेळायला २७ इंच ही उत्तम साइज आहे. पट्टे प्रत्येकी चार इंचांचे. पहिल्या दिवशी नजर सारखी तिकडे जाते, पण एकदा खेळात रमलात की त्यांची आठवण पण राहत नाही, निदान माझ्या व्हीए पॅनलवर तरी नाही.

पॅनलवरून आठवलं, हा मुद्दा फार महत्त्वाचा आहे आणि यावर कोणी बोलत नाही. पट्टे "काळे" किती दिसतात ते पॅनलवर ठरतं. आयपीएस पॅनल असेल तर अंधाऱ्या खोलीत ते पट्टे करडे दिसतात, कोपऱ्यातून प्रकाश गळल्यासारखा, आणि मग ते डोळ्यांना टोचतात. व्हीएमध्ये बऱ्यापैकी काळे. ओलेडमध्ये तर पिक्सेलच बंद होतात त्यामुळे पट्टा आणि मॉनिटरची कड यात फरकच कळत नाही, खोलीत अंधार असेल तर २७ इंची मॉनिटर हवेत तरंगतोय असं वाटतं. पण ओलेडवर दुसरी चिंता आहे. रोज तासन्‌तास फक्त मधला भाग चालू आणि कडेचा बंद राहिला तर मधले पिक्सेल जास्त झिजतात, आणि पुढे कधीतरी पूर्ण स्क्रीनवर पांढरी विंडो उघडली तर मधला आणि कडेचा भाग वेगळा दिसू शकतो. दिवसा त्यावर पूर्ण स्क्रीनचं काम होत असेल तर एवढं घाबरायचं कारण नाही, पण ओलेड अल्ट्रावाइड घेऊन त्यावर मुख्यतः कन्सोलच खेळणार असाल तर ते पॅनल वाया घालवणं आहे, स्पष्ट सांगतो. आयपीएसवाल्यांनी मॉनिटरच्या मागे एलईडी पट्टी लावा, मागची भिंत थोडी उजळली की पुढचा करडेपणा जाणवत नाही. महागडी नको, साधी यूएसबीवर चालणारी पुरते.

आता स्ट्रेच. मॉनिटरच्या मेन्यूत "वाइड" किंवा "फुल" असं काहीतरी असतं, ते लावलं की चित्र ताणून पूर्ण ३४ इंच भरतं. बरेच जण तेच लावून खेळतात आणि खूश असतात, आणि मला ते बघवत नाही हो खरंच. १६:९ चं चित्र २१:९ वर ताणलं की रुंदी सुमारे ३४ टक्के वाढते आणि उंची तेवढीच राहते. क्रिकेट २४ मध्ये बॅट्समन आडवा सुटल्यासारखा दिसतो, बॉल अंड्यासारखा, ग्रान टुरिस्मो ७ मध्ये गाडीची चाकं लंबगोल. ज्या कलाकारांनी ती गाडी एकेका वळणासह इतकी जीव तोडून बनवली तिचं असं करायचं? शिवाय एक इंचाचंही जास्त दृश्य दिसत नाही, जे आहे तेच फुगवलंय. नेमबाजीच्या गेममध्ये तर नुकसानच आहे, कारण कंट्रोलरच्या काठीने बंदूक आडवी फिरवताना आणि उभी फिरवताना स्क्रीनवर वेगवेगळा वेग वाटतो आणि हाताला सवय लागत नाही. त्यामुळे मेन्यूत जाऊन "ॲस्पेक्ट", "ओरिजिनल", "१६:९", जे काही नाव असेल ते लावा, प्रत्येक कंपनीत नाव वेगळं. "१:१" म्हणून एक पर्याय असतो त्याच्याशी गोंधळ करू नका, तो पिक्सेलला पिक्सेल दाखवतो म्हणजे कन्सोल १०८०पी पाठवत असेल तर चित्र चारही बाजूंनी छोटं होऊन मध्ये बसतं.

आणि एक, काही मॉनिटरमध्ये फ्रीसिंक किंवा ॲडॅप्टिव्ह सिंक (मॉनिटरचा वेग गेमच्या वेगाशी जुळवणारी सोय) चालू असेल तर हा ॲस्पेक्टवाला पर्याय करडा होतो, दाबताच येत नाही. तेव्हा मॉनिटर खराब आहे असं समजून परत करू नका, आधी फ्रीसिंक बंद करून बघा.

आता सगळ्यात जास्त लोक जिथे अडकतात ते, रिझोल्यूशन. पीएस५ बाजारात आला २०२० मध्ये आणि दोन वर्षं त्यात १४४०पी आउटपुटच नव्हतं, १०८०पी नाहीतर ४के. ते आलं सप्टेंबर २०२२ च्या अपडेटमध्ये. एक्सबॉक्सने हे काम खूप आधी केलं होतं, वन एस आणि वन एक्सला २०१८ मध्येच १४४०पी दिलं. तर आता दोन्हीकडे आहे, पण एक गोम आहे. कन्सोल केबलमधून मॉनिटरला विचारतो की बाबा तुला काय काय दाखवता येतं, आणि मॉनिटर एक यादी पाठवतो, तिला ईडीआयडी म्हणतात. काही अल्ट्रावाइडच्या यादीत ३४४० बाय १४४० असतं, १९२० बाय १०८० असतं, पण २५६० बाय १४४० नसतंच! पॅनलला ते सहज दाखवता येतं, फक्त यादीत लिहिलेलं नाही. मग पीएस५ म्हणतो ठीक आहे, १०८०पी घे. आणि १०८० ओळींचं चित्र १४४० ओळींवर बसवायचं म्हणजे १.३३ पट, पूर्णांकात बसत नाही, त्यामुळे अक्षरं आणि बारीक रेषा पुसट होतात. लोकांना वाटतं अल्ट्रावाइडवर कन्सोल घाणच दिसतो, खरं कारण हे असतं.

उलट काही मॉनिटर एचडीएमआयवर ४के पण स्वीकारतात आणि आतल्या आत छोटं करून १४४० ओळींत दाखवतात. ते पण छान दिसतं, कडा गुळगुळीत होतात. फक्त तेव्हा ४के ६० हर्ट्झवरच अडकत नाही ना ते बघा, कारण तसं असेल तर १२० एफपीएसवाले (सेकंदाला १२० चित्रं देणारे) गेम ४के सेटिंगवर चालणार नाहीत, तेव्हा १४४०पी लावलेलं बरं.

रिफ्रेश रेट आणि व्हीआरआर, म्हणजे गेमच्या वेगाप्रमाणे मॉनिटरचा रिफ्रेश रेट बदलत राहणं. इथे पीएस५ आणि एक्सबॉक्समध्ये मोठा फरक आहे आणि याच बाबतीत एक्सबॉक्सला माझ्याकडून पूर्ण मार्क. पीएस५ चा व्हीआरआर एप्रिल २०२२ मध्ये आला आणि त्याला एचडीएमआय २.१ चाच व्हीआरआर लागतो, फ्रीसिंकवर चालत नाही, रेंज ४८ ते १२० हर्ट्झ. १४४०पी वर व्हीआरआर तर त्यानंतरच्या अपडेटमध्ये आलं. आता बाजारातले बरेच ३४ इंची अल्ट्रावाइड, विशेषतः स्वस्तातले, एचडीएमआय २.० वालेच आहेत, त्यांचा सगळा जोर डिस्प्लेपोर्ट या पीसीच्या पोर्टवर, कारण ते पीसीवाल्यांसाठी बनवलेत. त्यावर पीएस५ १४४०पी १२० हर्ट्झपर्यंत जाऊ शकतो, तेवढी जागा एचडीएमआय २.० मध्ये आहे, पण व्हीआरआर विसरा. एक्सबॉक्स मात्र एचडीएमआयवरचं फ्रीसिंक ओळखतो, त्यामुळे त्याच मॉनिटरवर, त्याच केबलने, मित्राच्या सिरीज एसवर व्हीआरआर चालू झालं आणि माझ्या पीएस५ वर नाही. फोर्झा होरायझन ५ सिरीज एसवर खेळताना गाडी वळवली की चित्र कुठेही फाटत नव्हतं. सिरीज एस मुळात १४४०पी डोळ्यासमोर ठेवून बनवलेला कन्सोल आहे त्यामुळे ३४ इंची अल्ट्रावाइडच्या मधल्या भागाशी त्याची जोडी अगदी जमते, स्वस्तात सेटअप करायचा असेल तर हे लक्षात ठेवा.

एचडीआरबद्दल, म्हणजे उजेड-अंधारातला जास्त फरक दाखवणाऱ्या चित्राबद्दल, फार लिहीत नाही. बॉक्सवर "एचडीआर ४००" लिहिलं असेल तर त्याला साधारण उजळ स्क्रीन एवढंच समजा, त्यात अंधार-उजेड वेगळा करणारी लोकल डिमिंग लागतच नाही. माझ्याकडे एचडीआर चालू केलं की काळा रंग धुतल्यासारखा होतो, म्हणून पीएस५ मध्ये बंद ठेवलंय, आणि गॉड ऑफ वॉर रॅग्नारॉकमधला बर्फ एसडीआरमध्येच, म्हणजे साध्या मोडमध्येच, जास्त छान दिसतो. ओलेड किंवा मिनी एलईडी असेल तर गोष्ट वेगळी, तिथे नक्की चालू ठेवा.

सिनेमा. इथे मात्र वाईट वाटतं, खरंच वाटतं. सिनेमे बहुतेक २.३९:१ मध्ये असतात, म्हणजे अल्ट्रावाइडच्या आकारात जवळपास तंतोतंत बसणारे. पण पीएस५ वरच्या ॲपमधून किंवा ब्लू-रे डिस्कवरून लावलात तर कन्सोल त्याला आधी १६:९ मध्ये बसवतो, म्हणजे वर-खाली पट्टे घालतो, आणि मग मॉनिटर डाव्या-उजव्या बाजूला पट्टे घालतो. झालं, चारही बाजूंनी काळं आणि मध्ये पोस्टकार्ड. ३४ इंची स्क्रीनवर सिनेमा दिसतो २७ इंचीवर दिसेल त्याहूनही मोठा नाही! काही मॉनिटरमध्ये सिनेमा झूम असतं, ते चित्र वर-खाली कापून पूर्ण भरतं, ते असेल तर जरूर वापरा, फक्त सबटायटल खालच्या पट्टीत असतील तर कापले जातात. नाहीतर सिनेमा सरळ लॅपटॉपवरून बघा. २०१५ चा द ऑर्डर १८८६ पण असाच, गेमच सिनेमासारखा रुंद पट्ट्यात बनवलाय, त्याला झूम लावून अल्ट्रावाइडवर बघाल तर कन्सोलवर खराखुरा रुंद गेम कसा दिसला असता ते कळतं. सुंदर दिसतो.

आणि म्हणूनच सोनी आणि मायक्रोसॉफ्टवर माझा राग आहे. लोक म्हणतात कन्सोलमध्ये तेवढी ताकद नाही. हिशोब करा. ३४४० बाय १४४० म्हणजे साधारण ४९.५ लाख पिक्सेल. ४के म्हणजे साधारण ८३ लाख. म्हणजे अल्ट्रावाइडला ४के च्या साठ टक्केच पिक्सेल लागतात! जो कन्सोल ४के चं आउटपुट देतो त्याला हे जड नाही. हां, कडेला जास्तीचं जग दिसतं म्हणून जास्त झाडं, जास्त माणसं काढावी लागतात, ते मान्य. खरं काम दुसरीकडे आहे, गेम बनवणाऱ्यांना प्रत्येक आकारात सगळं तपासावं लागतं. कटसीनमध्ये, म्हणजे गेममधल्या सिनेमासारख्या प्रसंगांत, कॅमेऱ्याच्या चौकटीबाहेर पात्रं नुसती हात पसरून उभी असतात किंवा अचानक प्रकट होतात, १६:९ मध्ये ती दिसत नाहीत पण रुंद केलं की उघडी पडतात. जीवनाची पट्टी, नकाशा, बंदुकीच्या गोळ्यांचा आकडा, हे सगळं कुठे सरकवायचं ते ठरवावं लागतं. हे कष्टाचं आहे.

पण सोनीने हे कष्ट केलेले आहेत! गॉड ऑफ वॉर जानेवारी २०२२ मध्ये पीसीवर आला तो २१:९ घेऊनच. स्पायडर-मॅन रीमास्टर्ड त्याच वर्षी आला त्यात अल्ट्रावाइड. घोस्ट ऑफ त्सुशिमा २०२४ मध्ये पीसीवर आला तर ३२:९ काय, तीन मॉनिटर जोडून ४८:९ सुद्धा चालतं. म्हणजे तोच गेम, त्याच कंपनीचा, कटसीन नीट केलेले, पट्ट्या सरकवलेल्या, सगळं तयार, आणि ज्या माणसाने त्यांचा कन्सोल विकत घेतला त्याला नाही. जुन्या काळात तर कन्सोलवाले जास्त मोकळे होते. एक्सबॉक्स ३६० ला २००८ च्या अपडेटनंतर १४४० बाय ९०० आणि १६८० बाय १०५० असे मॉनिटरवाले १६:१० आकार चालायचे. २०१० च्या ग्रान टुरिस्मो ५ मध्ये तर अनेक पीएस३ लॅनने जोडून अनेक स्क्रीनवर एकच शर्यत रुंद बघता यायची, खर्च वेड्यासारखा पण सोय होती. आज ग्रान टुरिस्मो ७ सारख्या गेमला, जिथे बाजूने कोण घुसतोय हे दिसणं हाच अर्धा खेळ आहे, एका साध्या रुंद मॉनिटरचा पर्याय नाही हे पटत नाही. सगळ्या गेमना सक्ती करू नका, पण ज्या गेममध्ये तयार आहे तिथे तरी एक स्विच द्या की. अर्थात पीसीवर पण सगळीकडे आहे असं नाही, एल्डन रिंग पीसीवर सुद्धा अधिकृतपणे १६:९ च आहे, तिथे पीसीवाले आणि आपण सारखेच.

बाकी कन्सोलचं पटकन सांगतो. पीएस४ १०८०पी च देतो आणि पीएस४ प्रो १०८०पी किंवा ४के, मधलं १४४०पी नाही, त्यामुळे मॉनिटर ४के स्वीकारणारा नसेल तर पुसट दिसणार. स्विच १०८०पी. स्विच २ डॉकमधून (टीव्हीला जोडायच्या स्टँडमधून) ४के ६० किंवा १४४०पी १२० देतो, तो बरा दिसेल. यातला स्टीम डेक हा एकटाच खरा अल्ट्रावाइड चित्र देणारा, कारण तो आतून पीसीच आहे, डॉकला लावा आणि ३४४० बाय १४४० मिळतं, पण एवढे पिक्सेल ओढायला त्याची ताकद कमी पडते, हलके गेम खेळा.

आणि स्वस्तातले जे २९ इंची २५६० बाय १०८० अल्ट्रावाइड मिळतात, त्यांचं मधलं चित्र फक्त २३ इंची होतं. कन्सोल १०८०पी वर ठेवलात की पिक्सेलला पिक्सेल बसतं त्यामुळे स्वच्छ दिसतं, लहान खोलीत चालून जातं, पण पीएस५ घेणाऱ्याने यावर थांबू नये असं मला वाटतं.

दुसऱ्या टोकाला ४९ इंची ३२:९, सॅमसंगच्या ओडिसी जी९ सारखे, ५१२० बाय १४४०. इथे गंमत अशी की हा मॉनिटर म्हणजे शेजारी शेजारी दोन २७ इंची १४४०पी. पिक्चर बाय पिक्चर लावलं की एका अर्ध्यात पीएस५ पूर्ण, एकही पट्टा न येता, आणि दुसऱ्या अर्ध्यात लॅपटॉप. कन्सोल आणि काम एकाच वेळी हवं असेल तर अल्ट्रावाइडमध्ये हाच प्रकार मला खऱ्या अर्थाने कन्सोलला साजेसा वाटतो, पैसे आणि टेबलाची लांबी असेल तर. फक्त या मोडमध्ये बऱ्याच मॉनिटरचा रिफ्रेश रेट ६० वर येतो आणि व्हीआरआर, एचडीआर बंद होतात, ते स्पेसिफिकेशनमध्ये वाचून घ्या. ३४ इंचीवर पिक्चर बाय पिक्चर लावायच्या भानगडीत पडू नका, प्रत्येक अर्धा १७२० पिक्सेल रुंद, त्यात १६:९ चित्र १८ इंची होतं, अक्षरं वाचता येत नाहीत.

आवाजाचं पण बघा, बऱ्याच अल्ट्रावाइडला स्पीकरच नसतात किंवा असून नसल्यासारखे, आणि पीएस५ ला ऑप्टिकल पोर्ट नाही. मॉनिटरला हेडफोन जॅक असेल तर एचडीएमआयमधून आलेला आवाज तिथून स्पीकरला नेता येतो, नाहीतर सरळ हेडफोन कंट्रोलरला लावा, रात्री घरचे झोपलेले असताना तेच बरं पडतं.

घेण्याआधी एक कराच. दुकानात डेमो पीएस५ असेल, किंवा सेकंडहँड मॉनिटर बघायला जाताना तुमचा पीएस५ बॅगेत नेता येत असेल, तर तो त्या मॉनिटरला जोडा. सेटिंग्ज, मग स्क्रीन अँड व्हिडिओ, मग व्हिडिओ आउटपुटमध्ये "टेस्ट १४४०पी आउटपुट" आहे, ते दाबा. चित्र आलं तर उत्तम, नाही आलं तर थोड्या वेळाने आपोआप आधीच्या सेटिंगवर परत येतं, घाबरू नका. तिथेच "व्हिडिओ आउटपुट इन्फॉर्मेशन" उघडलंत की आत्ता नक्की किती रिझोल्यूशन आणि किती हर्ट्झ जातंय ते लिहिलेलं असतं. एक्सबॉक्सवाल्यांनी जनरल, टीव्ही अँड डिस्प्ले ऑप्शन्समध्ये "४के टीव्ही डिटेल्स" उघडायचं, काय चालतं काय नाही त्याची यादी हिरव्या टिकांसह दिसते. टेस्ट फेल झाली तर मॉनिटरच्या मेन्यूत "कन्सोल मोड" किंवा एचडीएमआयचं व्हर्जन बदलायचा पर्याय शोधा, दुसरा एचडीएमआय पोर्ट लावून बघा आणि कन्सोलसोबत आलेलीच केबल वापरा, दुकानदाराच्या ड्रॉवरमधली नको. एवढं करूनही १०८०पी च येत असेल आणि मॉनिटर ४के पण स्वीकारत नसेल तर तो मॉडेल सोडा आणि पुढचा बघा, ३४ इंचीमध्ये १४४०पी नीट घेणारे भरपूर मिळतात.